दोघं आत, एक बाहेर

६ जानेवारी

बाबा,

खुशाल आहे. खोली मिळाली आहे, खोलीला खिडकी आहे आणि खिडकीतून समोरच्या हॉटेलची मागची भिंत दिसते. उद्या परत डोंगरावर.

तुमच्या किडेखाऊचं काय सांगू! (टीव्हीवर किडे खातो म्हणून तुम्ही ठेवलेलं हे नाव मी युनिटमध्ये सांगितलं. आता सगळेच त्याला तेच म्हणतात, अर्थात त्याच्या पाठीमागे.) परवा ओढ्याकाठी गुडघे पोटाशी धरून बसला आणि कॅमेऱ्याकडे बघून म्हणाला, ‘या अफाट रानात मी अगदी एकटा आहे.’ समोर आम्ही सहा जण उभे होतो. त्याचं सँडविच माझ्या खिशात होतं. दिवसभर तो सरळ चालला आणि मी त्याच्यापुढे खांद्यावर कॅमेरा घेऊन उलटी चालले. पण धाडसी तो. इतकी वर्षं झाली, मी अशाच माणसांच्या पुढे उलटी चालते आहे.

आई असती तर टीव्हीवर खेकसली असती, ‘एकटा कसा रे मेल्या, माझी पोरगी काय दगड आहे?’ ती टीव्हीला नाक लावून माझी सावली शोधायची, आठवतं? एकदा वाळूवर सापडली म्हणून तिने सगळ्या जिन्याला बोलावून आणलं होतं. ती सावली साउंडवाल्याची होती. मी तिला कधी सांगितलं नाही.

आता मुद्द्याचं. चॅनेलने मला फिल्म देऊ केली आहे. माझी स्वतःची. किडेखाऊ नाही, कोणीच नाही. एका कड्यावर गरुडाचं घरटं आहे, अंडं घातल्यापासून पिलू उडेपर्यंत सगळं टिपायचं. सहा महिने एकाच जागी बसून. याच कामासाठी मी कॅमेरा हातात धरला होता हे तुम्हाला ठाऊक आहे.

मी अजून हो म्हटलेलं नाही. आई गेली तेव्हा मी चार दिवस राहिले आणि शूटिंग होतं म्हणून निघाले. तुम्ही दारात उभे होतात ते माझ्या डोळ्यांपुढून जात नाही. तुम्ही घरात एकटे असाल तर मी जाणार नाही. उगाच ‘मला काय धाड भरलीय’ असं लिहू नका. खरं काय ते लिहा.

तुमची,
भुंगा

१५ जानेवारी

चि. भुंगा,

फोन करू नकोस म्हणून परत एकदा सांगतो. परवा तू बराच वेळ काहीतरी बोललीस, मला फक्त ‘हो ना?’ एवढं ऐकू आलं आणि मी ‘हो’ म्हणालो. कशाला हो म्हणालो ते कळव म्हणजे झालं. छापखान्याच्या मशिनने कान नेले, हात ठेवले, तेव्हा आपलं लिहिणंच बरं. नाहीतरी मी रात्रपाळीवरून यायचो तेव्हा तू शाळेत पळालेली असायचीस. ओट्यावर डब्याखाली तुझी चिठ्ठी, संध्याकाळी त्याच डब्याखाली माझं उत्तर. आपलं निम्मं बोलणं कागदावरच झालंय.

मला काय धाड भरलीय?

ते असो. तुझी आत्या इथे राहायला येते आहे. कायमची. सुनेशी तिचं रोज वाजतं हे तुला माहीतच आहे. मीच म्हटलं, ये. तुझ्या आईची खोली रिकामीच आहे. रविवारी येईल. दोन म्हातारी एकमेकांवर लक्ष ठेवतील. तेव्हा माझं निमित्त पुढे करून घरी बसायचा विचार असेल तर तो सोड आणि त्या गरुडाला हो म्हणून कळव.

तुझी आई सावली शोधायची, मी तुझं नाव शोधायचो. शेवटी ती नावं इतकी भराभर वर जातात की चष्मा लावेपर्यंत संपतात. तुझी स्वतःची फिल्म असेल तर ते जरा दमाने जाईल, नाही का?

बाबा

४ मार्च

बाबा,

पोचले आणि रुळलेही. दोन तंबू, एक शेगडी, दोन खुर्च्या, पाण्याचे कॅन. पंधरवड्यातून एकदा जीप किराणा, बॅटऱ्या आणि टपाल घेऊन येते. पत्रं उशिरा मिळतील, पण मिळतील.

घरटं दरीपलीकडच्या कड्यावर आहे. अलीकडच्या काठावर आमचं लपण. लपण म्हणजे लाकडी चौकटीवर मळकं कापड ताणून केलेली खोपटी. आत एक स्टूल, एक ट्रायपॉड आणि कापडाला लेन्सपुरतं भोक. उभी राहिले तर डोकं आपटतं, पाय पसरले तर ट्रायपॉड हलतो. आईचं स्वयंपाकघर यापुढे मैदान होतं.

मादी अंड्यावर बसली आहे. नजर अशी की मी इकडे शर्टाचं बटण लावलं तर तिला तिकडे कळेल. मग तिच्यादेखत लपणात शिरायचं कसं? तर आमच्या धंद्यात एक जुनी युक्ती आहे. एकट्याने जायचंच नाही. दोघांनी जायचं. दोघं आत, थोड्या वेळाने एक बाहेर. तो आल्या वाटेने निवांत निघून जातो, मादी त्याला जाताना बघते आणि समजते, गेली ब्याद. पक्ष्यांना मोजता येत नाही, बाबा. कुणीतरी आलं होतं, कुणीतरी गेलं, संपलं. मग ती माझ्याकडे ढुंकून बघत नाही, तिच्या लेखी मी नसतेच.

याचे दोन नियम आहेत. जाणाऱ्याने मागे वळून पाहायचं नाही. तो वळला की तिला वाटतं, इथे काहीतरी मागे राहिलंय. आणि सकाळी ज्याने सोडलं त्याने संध्याकाळी न्यायला यायचंच, काहीही होवो. नाहीतर आतला माणूस रिकाम्या जागेतून एकदम उगवतो आणि पाखरू जन्माचं दचकतं.

सोडायला आणि न्यायला ड्रायव्हरदादा आहेत. घोरतात, पण चालतात छान.

आत्या येतेय हे वाचून मी त्याच दिवशी चॅनेलला हो कळवलं. तिला सांगा, मी तिच्या ऋणात आहे. आणि सांभाळून घ्या तिला, तोंडाने फटकळ असली तरी मनाने वाईट नाही.

भुंगा

१८ मार्च

चि. भुंगा,

तुझं पत्र आत्याला वाचून दाखवलं. तिला फार कौतुक वाटलं. दोनातून एक गेला की काही उरत नाही असं समजणारा आमच्या छापखान्यातही एक मॅनेजर होता. माणूस कमी केला की काम आपोआप संपतं अशी त्याची श्रद्धा होती. गरुडच म्हणायचा.

पण मला एक सांग, तो ड्रायव्हर निघून गेल्यावर आत तुझ्यासोबत कोण असतं? कोणीच नाही? सकाळपासून संध्याकाळपर्यंत? बोलतेस कुणाशी? तू लहान असताना बाथरूममध्ये गेलीस तरी दाराआडून बडबडायचीस, म्हणून तर भुंगा. मला हे काही बरं वाटलं नाही.

इथे सगळं मजेत. आत्यामुळे घर भरलेलं वाटतं. मी केलेली भाजी ती आवडीने खाते आणि परत मागून घेते. टीव्हीचा आवाज माझ्यासाठी मोठा ठेवते. संध्याकाळी आम्ही दोघं खिडकीशी बसतो. ती फारसं बोलत नाही, मलाही फारसं ऐकू येत नाही, त्यामुळे छान जमतं. स्वयंपाकघरातला नळ गळत होता तो मी दुरुस्त केला. आता जास्त गळतो.

बाबा

२५ एप्रिल

बाबा,

पिलू निघालं! पांढऱ्या कापसाचा बोळा, वर भलतीच मोठी चोच. मादी इतक्या जपून घास भरवते की तीच ती लांबवर ससे फाडणारी बाई आहे यावर विश्वास बसत नाही. मी शॉट घेतला आणि आत बसल्या बसल्या रडले, आवाज न करता. लपणात रडायचंही शिस्तीत.

तुम्ही विचारलंत, कुणाशी बोलतेस. खरं सांगायचं तर कुणाशीच नाही. पहिले काही दिवस मनातल्या मनात बोलत होते, मग तेही थांबलं. संध्याकाळी दादा येतात तेव्हा पहिला शब्द घशात अडकतो. मला वाटलं होतं मला याची सवय आहे. किडेखाऊच्या कार्यक्रमात मी कुणाला दिसत नसे, पण निदान सहा जण मिळून दिसत नसू. हे वेगळं आहे. कधीकधी आईशी बोलावंसं वाटतं आणि मग लेन्स पुसत बसते.

आत्याला म्हणावं, दोन ओळी तरी लिही. तिचं अक्षर पाहून किती दिवस झाले. शिव्या घातल्या तरी चालेल.

भुंगा

७ मे

चि. भुंगा,

पिलाचं वाचून फार आनंद झाला. आत्यालाही झाला. तिच्या चष्म्याची काडी मोडली आहे म्हणून ती लिहीत नाही. मीच म्हटलं, मी कळवतो. ती म्हणाली, ‘बरं.’ तिचा तुला आशीर्वाद.

परवा मी तिला म्हटलं, भुंगाच्या लहानपणी मी रात्रपाळी घ्यायला नको होती. ती म्हणाली, ‘दादा, तू केलंस ते योग्यच केलंस.’ तिचा स्वभाव हल्ली फार निवळला आहे.

लेन्स जास्त पुसू नकोस, झिजेल. मी तुझ्या आईचा फोटो पुसतो. काचेवर कडेला ओरखडा आला आहे.

बाबा

२० मे

बाबा,

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. मग मागची पत्रंही काढून वाचली.

तुमची आत्या तुमची भाजी परत मागून घेते. आमची आत्या आईच्या हातच्या जेवणालासुद्धा नावं ठेवायची. तुमची आत्या टीव्हीचा आवाज मोठा करते. आमची आत्या दुसऱ्याच्या घरी जाऊन टीव्ही बंद करते. तुमची आत्या फारसं बोलत नाही. बाबा, आमची आत्या! जी जिना चढायला लागली की वरच्या मजल्यावरचं बाळ जागं व्हायचं! आणि ‘दादा, तू केलंस ते योग्यच केलंस’? त्या बाईने जन्मात तुम्हाला तुम्ही योग्य केलंत असं म्हटलेलं नाही. खोटी माणसं उभी करायची तर निदान थोडी भांडखोर तरी करायची.

ती तिथे नाहीये. हो ना? आणि या ‘हो ना’ला हो म्हणण्याआधी कळलं का ते विचारायला नको, कागदावर नीट लिहिलं आहे.

मला इतका राग आला आहे तुमचा! मी रोज कॅमेऱ्यामागे बसून बारीकसारीक बघते. पीस हललं तरी मला कळतं. आणि माझ्याच बापाने मला पाखरू समजावं? कुणीतरी आलं एवढं मी बघितलं आणि पुढे मोजलंच नाही. मोजायचं नव्हतं मला, हे त्याहून वाईट. मला इकडे यायचं होतं ना.

आता इथलंही ऐका. ड्रायव्हरदादांना चॅनेलने दुसऱ्या युनिटवर बोलावून घेतलं. बदली माणूस पाठवतो म्हणाले, पाठवलेला नाही. मी एकदा एकटीच लपणात गेले. मादीने मला आत जाताना पाहिलं, बाहेर येताना पाहिलं नाही, म्हणून ती दिवस मावळेपर्यंत वरच घिरट्या घालत राहिली. पिलू चोच वासून ओरडत होतं, ती खाली उतरली नाही. मी बाहेर पडले आणि परत गेलेले नाही. पिलाला उपाशी ठेवून मला फिल्म करायची नाही. तंबूत बसून आहे.

पुढच्या जीपने मी सामान आवरून निघते. फिल्म गेली तर गेली. किडेखाऊला उलटी चालणारी माणसं नेहमीच लागतात. तुम्ही एकटे आहात आणि मी इथे एकटी बसून काहीच टिपत नाही, याला काय अर्थ आहे?

भुंगा

२८ मे

चि. भुंगा,

पकडलंस.

आत्या आली होती, हे खरं. जेमतेम आठवडा राहिली. तिने तुझ्या आईचे डबे फळीवरून उतरवून दुसऱ्या क्रमाने लावले. मी ते परत पहिल्यासारखे लावले. तिने परत बदलले. मग आमचं जे वाजलं ते मलासुद्धा नीट ऐकू आलं. ती गेली सुनेकडे, सूनच बरी म्हणाली. तोवर तू हो कळवून बसली होतीस. मी म्हटलं, राहू दे आत्याला पत्रात. पत्रातली आत्या मला बरी वाटायची. खिडकीशी बसायची, काही बदलायची नाही. एकदोनदा तर मी चहा दोघांचा टाकला.

एकटं वाटतं का? वाटतं. जेवताना जास्त वाटतं. हे लिहायला इतके दिवस घेतले, कारण तू जायला हवं होतंस आणि अजूनही तिथेच राहायला हवंस. अठरा वर्षं लोकांच्या पुढे उलटी चाललीस, आता सरळ चालायची वेळ आली तर मी वाटेत आडवा पडणार नाही.

तेव्हा सामान आवरू नकोस. तुझं पत्र परत वाचलं. जोडीदाराचं काम काय? सकाळी आत जायचं, बाहेर यायचं, मागे बघायचं नाही, संध्याकाळी न्यायला जायचं. यात ऐकू येणं कुठे लागतं? दोन पाय आणि एक पाठ पाहिजे. पाय जरा कुरकुरतात, पाठ उत्तम आहे.

पुढच्या जीपने मी येतोय. नको म्हणायचं असेल तर फोन कर.

बाबा

७ जून
(डब्यात, पोळीच्या खाली)

भुंगा,

काल सकाळी बरा चाललो ना? ती वर कड्यावरून माझ्याकडेच बघत होती, पाठीला कळत होतं. माणसाकडे इतकं रोखून तुझ्या आत्यानेसुद्धा कधी पाहिलं नाही. वळावंसं फार वाटलं. पण नाही वळलो. भाजीत मीठ जास्त आहे, माहीत आहे.

७ जून
(त्याच कागदाच्या मागे)

उत्तम चाललात. तुम्ही त्या मोठ्या खडकाशी पोचायच्या आत ती घरट्यात उतरली होती. पिलू ठीक आहे, वाढलंय, बोळ्याला पिसं फुटलीत.

पण बाबा, वाट उताराची आहे. तुम्ही घसरलात तर मी हाक मारू शकत नाही, मारली तरी तुम्हाला ऐकू येणार नाही आणि तुम्ही तर वळूनही बघणार नाही. तुम्ही खडकाआड जाईपर्यंत माझं कामात लक्ष लागत नाही. काहीतरी खूण ठरवू या.

८ जून

ठरली. खडकाशी पोचलो की पाठमोराच हात वर करीन. म्हणजे म्हातारा अजून उभा आहे.

१९ जून

बाबा, गंमत बघा. रात्री शेगडीपाशी आपण समोरासमोर बसतो, तुम्ही चहा देता, मी खुणेने साखर कमी सांगते, तुम्ही ऐकू न आल्यासारखी जास्त घालता. आणि तरी सांगायचं ते मी दिवसभर इथे लिहीत बसते.

आज लिहायचं ते हे. सकाळी तुम्ही निघता तेव्हा मी लेन्स घरट्यावर लावायला हवी. मी ती तुमच्यावर लावते. रोज. तुमची मान मागून इतकी बारीक झालीय हे मला माहीतच नव्हतं. तुम्ही रात्रपाळीवरून यायचात तेव्हा मी निघून गेलेली असायचे, मी घरी यायचे तेव्हा तुम्ही झोपलेले. आणि आता सोबत आहात तर माझ्या वाट्याला तुमची पाठ. पण खडकाशी हात वर जातो तेव्हा फार बरं वाटतं.

१९ जून, संध्याकाळी

मान पहिल्यापासून बारीकच आहे. तुझी आई म्हणायची, सदऱ्याच्या कॉलरला माणूस कमी पडतो.

संध्याकाळी तुला न्यायला येतो तेव्हा समोरून मलाही लपणात कोणी नाही असं वाटतं. इतकं निवांत कापड. मग स्वतःला सांगावं लागतं, अरे, आहे ती आत. घरी खिडकीशी बसून तुझी वाट पाहायचो तेव्हा असं सांगायची सोय नव्हती.

३ जुलै

बाबा, घाईत लिहितेय, अक्षर लावून घ्या.

पिलू उडालं. पाच दिवस काठावर येऊन पंख झाडत होतं आणि मागे सरत होतं. मी लेन्स नेहमीसारखी तुमच्यावर लावली होती. तुम्ही खडकाच्या अलीकडे होतात. डोळ्याच्या कोपऱ्यात काहीतरी सुटल्यासारखं झालं. मी कॅमेरा फिरवला आणि पिलू हवेत होतं. वेडंवाकडं, पाय लोंबकळत, पडतंय की काय असं. आणि ते सरळ तुमच्याच दिशेने आलं. दरी ओलांडून, तुमच्या डोक्यावरून, इतकं खालून की तुम्ही काठी वर केली असती तर लागली असती. एका चौकटीत तुम्ही दोघं. मी आत ओरडत होते, ‘बाबा, वर बघा! बाबा, वर!’ सगळे नियम सोडून ओरडत होते. तुम्ही तुमचे चालत राहिलात. खडकाशी हात वर केलात आणि गेलात.

जन्मभराचं काम एका बाजूला आणि हा शॉट एका बाजूला. आणि तुम्ही ते पाहिलंच नाही. मला रडू येतंय. मी तो नियम सांगायलाच नको होता.

३ जुलै, संध्याकाळी

भुंगा,

सावली गेली माझ्या पायांवरून. वहाणेवरून, मग पुढच्या गवतावरून, मोठी, हलत हलत. तेव्हाच कळलं काय ते. तुझी आई असती तर तिने बोट दाखवून सगळ्यांना बोलावलं असतं.

वर पाहिलं नाही. तुझा शॉट चालू असेल, माझं तोंड त्यात कशाला. तुझं काम बिघडलं असतं तर मला ते आयुष्यभर खुपलं असतं. सावली पाहिली, पुरे आहे.

चहात आज साखर तुझ्या मनाप्रमाणे घालतो.

१२ फेब्रुवारी

चि. भुंगा,

पोचलीस ना? या वेळचा किडेखाऊ कसा आहे? पहिल्यापेक्षा तरुण असेल तर जास्त पळवेल, बूट नीट बांध.

फिल्म तू शेजारी बसली होतीस म्हणून नीट पाहता आली नाही, तुझ्याचकडे बघत होतो. काल परत लागली तेव्हा एकट्याने पाहिली. आवाज बंद करून, खाली अक्षरं येतात ती वाचत. ‘इथे माणसाचं पाऊल कधी पडलेलं नाही,’ असं आलं तेव्हा मी माझ्या पावलांकडे बघून घेतलं. पिलू उडतं तो शॉट त्यांनी कापून वरचाच ठेवलाय, मी खाली नाही, हे तू आधी सांगितलंस ते बरं केलंस. माणूस दिसला तर रान कसलं, त्यांचंही खरं आहे. शेवटी तुझं नाव मात्र दमाने गेलं. चष्मा लावून, पुसून, परत लावून वाचलं. आत्याने तिच्या घरी पाहिली. तिचं पत्र आलंय. ‘पक्षी बरे होते, मध्ये फार वेळ काही घडत नाही.’ ही खरी आत्या.

आता इथली हकिकत. तू आलीस तेव्हा मी स्टँडवर तुला घ्यायला आलो होतो आणि आपण दोघं मिळून घरात शिरलो. गेल्या मंगळवारी पहाटे तू निघालीस. गुडघ्यामुळे खाली येऊ नका म्हणालीस, म्हणून खिडकीतून पाहिलं. गल्लीच्या टोकापर्यंत गेलीस, मागे वळली नाहीस. शिकवण पक्की आहे तुमची. वळणावर पाठमोरीच हात वर केलास. ती खूण माझी आहे, लक्षात ठेव.

थोड्या वेळाने दूधवाला आला. समोरचे मास्तर जिन्यात उभे होते. त्यांनी त्याला हातवारे करून सांगितलेलं मी दाराच्या भोकातून पाहिलं. बॅगा उचलल्याची खूण, रस्त्याकडे बोट, मग दोन्ही हात झटकले. गेले, मुलीबरोबर गेले. दूध न ठेवता तो माघारी फिरला. पेपरवालाही दुसऱ्या दिवसापासून येईना. तुला जाताना पाहिलं त्यांनी आणि घर रिकामं झालं असं धरून चालले. मास्तर शाळेत गणित शिकवतात.

दार उघडून सांगणार होतो की अहो, मी आहे. मग नाही उघडलं. खुर्ची खिडकीशी ओढली, पडदा चार बोटं बाजूला केला आणि बसलो. कुणाला कळत नाही आत माणूस आहे, त्यामुळे सगळे आपापलं करत असतात. मास्तर एकटे असताना स्वतःशी बोलतात. वरच्या बाई रोज एकदा माझ्या बंद दारापाशी थांबतात, बेलवर बोट नेतात आणि न दाबता जातात. तू आत बसून काय करतेस ते मला इतक्या वर्षांनी कळलं. कंटाळा येत नाही. एकटं मात्र वाटतं, भुंगा. या वेळी कुठलीही आत्या मध्ये न आणता लिहितोय.

उद्या दूधवाल्याला खिडकीतून हाक मारीन, काळजी करू नकोस. बिनदुधाचा चहा किती दिवस पिणार?

पण नियम तुझाच आहे. सकाळी ज्याने सोडलं, त्याने संध्याकाळी न्यायला यायचंच. तुझं काम उरक. घाई करू नकोस, उलटं चालताना घाई बरी नव्हे.

मी आत बसलोय.

बाबा